मांजरपाटाची पिशवी

नागपंचमीला आमच्याकडे विळी भिंतीला टेकून उभीच राहते. चिरायचं नाही, भाजायचं नाही, जमीन खणायची नाही. आत्याने पाटावर हळदीने नाग रेखला होता, पुढ्यात लाह्या आणि दुधाची वाटी ठेवली होती, आणि गॅसवर मोदकपात्रात पुरणाची दिंडं उकडत होती. मी टाकळा निवडत बसले होते. कोवळा टाकळा आता सरत आला. पानं जून झाली की भाजीला ती चव राहत नाही. सुरी लावायची नव्हती, म्हणून नुसती पानं खुडत होते.

तेवढ्यात दादा आला. तळोज्याहून रात्रपाळी करून घरी पोचायच्या आतच त्याला फोन आला होता : उसर्लीच्या बाजूला एका नव्या बिल्डिंगच्या पार्किंगमध्ये धामण निघालीय. ती धरून, जवळच्याच झाडीत सोडून तो थेट आत्याकडे आला. खांद्याला साप धरायची काठी, काखेत मांजरपाटाची पिशवी. पिशवी त्याने दाराच्या कडीला अडकवली आणि परातीत निवायला ठेवलेल्या दिंडांकडे हात नेला.

"हात," आत्या म्हणाली.

"धुतलेत गं."

"कुठे?"

"पार्किंगच्या नळावर."

"साबण होता?"

तो काही बोलला नाही. आत्याने त्याचं मनगट धरून हात नाकाशी नेला. धामणीला धरलं की ती अंगावर घाण करते. विष्ठा तर असतेच, शिवाय शेपटीकडच्या ग्रंथींमधला उग्र द्राव. नुसत्या पाण्याने तो वास जात नाही. तिने त्याचा तळवा उलटा करून मला दाखवला. नखांच्या कडांना पांढरट-करडं काहीतरी वाळून बसलं होतं.

"हे घेऊन माझ्या दिंडांना हात लावणार होतास?"

आत्या जन्मभर आरोग्य खात्यात होती. नोकरीची पहिली वर्षं देशावर गेली, पुढची सगळी रायगडात. विहिरी तपासायच्या, रक्ताचे नमुने गोळा करायचे, लोकांना उकळलेलं पाणी प्या म्हणून सांगायचं. दादा कारखान्यात काम करतो आणि उरलेला सगळा वेळ सापांना देतो. पैसे घेत नाही. विचुंब्यात पावसाळा लागला की त्याचा फोन थांबत नाही, कारण जिथे काल-परवापर्यंत भाताची खाचरं होती तिथे आता इमारती आहेत, आणि सापांना कुणी ते सांगितलेलं नाही. दोघांचंही बोलणं मी लहानपणापासून ऐकत आले आहे. त्या सकाळचं मात्र लिहून ठेवावंसं वाटलं.

त्याला निमित्तही होतं. आठवड्यापूर्वी इथल्या एका सोसायटीच्या ग्रुपवर एक जुनी बातमी नव्याने फिरायला लागली : सापामुळे बाईच्या मेंदूत जिवंत अळी. खाली कुणीतरी भर घातलेली : साप दिसला की सोडू नका, ठेचा. आणि परवा एका इमारतीच्या मागच्या भिंतीशी सहा फुटी धामण ठेचलेली सापडली. दादाने ती स्वतः उचलून पुरली.

हात धुऊन, आत्याने दोनदा लावायला सांगितलेला साबण दोनदा लावून, तो येऊन बसला. रागात होता.

"तूसुद्धा त्या मेसेजवर विश्वास ठेवलास ना? ती बातमीच खोटी आहे."

"बातमी खरी आहे," आत्या म्हणाली. "खालचं वाक्य खोटं आहे."

"मेंदूत अळी? सापाची?"

"सापाचीच. ऑस्ट्रेलियातली बाई, न्यू साउथ वेल्सच्या आग्नेय भागातली, वय ६४. जानेवारी २०२१ मध्ये पोटात दुखायला लागलं, जुलाब झाले, मग कोरडा खोकला, रात्री दरदरून घाम. रक्तात इओसिनोफिल पेशी वाढलेल्या. आपल्याकडे जंत झालेल्या पोराचा रिपोर्ट आला की हाच आकडा आम्ही आधी बघायचो. फुप्फुसात डाग, यकृतात डाग, प्लीहेत डाग. जंत शोधले, सापडले नाहीत. स्टेरॉइड सुरू केली. थोडं बरं वाटलं. मग २०२२ मध्ये ती विसरायला लागली. उदासी आधीची होती, ती वाढली. एमआरआय काढला तर मेंदूच्या उजव्या बाजूला, पुढच्या भागात, १३ बाय १० मिलिमीटरचं काहीतरी. जूनमध्ये कॅनबेराच्या हॉस्पिटलात डॉक्टर हरिप्रिया बंदी यांनी ऑपरेशन केलं. गाठ असेल, पू असेल, असं धरून चाललेले. चिमट्यात काय आलं? लाल, ८ सेंटीमीटर लांब आणि वळवळणारी."

तिने स्वतःचं मधलं बोट समोर धरलं. "एवढी."

मी पानं खुडायची थांबले.

"आणि तिला साप चावला होता?" दादाने विचारलं. त्याला उत्तर ठाऊक होतं, ते तिच्या तोंडून हवं होतं.

"नाही."

"तिने साप धरला होता?"

"हातसुद्धा लावला नव्हता."

"मग हे मेसेजमध्ये का नाही?"

"नाही, कारण मेसेज लिहिणाऱ्याला ते माहीत नाही. ती अळी तिथल्या कार्पेट पायथॉन जातीच्या अजगराची, ऑफिडॅस्कॅरिस रॉबर्ट्साय तिचं नाव. मोठी अळी अजगराच्या अन्ननलिकेत, पोटात राहते. अंडी त्याच्या विष्ठेतून बाहेर पडतात, गवतावर, पाल्यावर. ते गवत उंदीर खातो किंवा तिकडचे ते पोटाला पिशवी असलेले लहान प्राणी खातात. अंड्यातून निघालेली अळी उंदराच्या अंगात जाऊन बसते आणि वाट बघते. अजगराने उंदीर गिळला की चक्र पुरं. ह्या बाईच्या घराजवळ तळं होतं, तिथे अजगरांचा वावर. ती तळ्याकाठची रानभाजी तोडून आणायची, वॉरिगल ग्रीन्स म्हणतात तिला, स्वयंपाकात वापरायची. पाल्यावर अंडी असणार. पाल्यावरून हाताला, हातावरून तोंडात. अळीच्या दृष्टीने ती बाई म्हणजे उंदीर. फक्त हा उंदीर अजगर कधी गिळणार नव्हता, म्हणून अळी भटकत राहिली. फुप्फुस, यकृत, आणि शेवटी मेंदू."

"आणि ती बाई?"

"वाचली. अळी काढल्यावर औषधं दिली, आयव्हरमेक्टिन आणि अल्बेंडाझोल. सहा महिन्यांनी मनाचा त्रास कमी होता, पुरता गेला नव्हता."

दादाने दिंड उचललं, पण खाल्लं नाही. "जगात अशी किती माणसं?"

"ह्या अळीची? ही पहिली."

"बघ. अख्ख्या जगात एक. आणि तिच्या नावाने इथे विचुंब्यात धामणी मरतायत. आत्या, आपल्या देशात २००० ते २०१९ ह्या वीस वर्षांत साप चावून जवळपास १२ लाख माणसं गेली. वर्षाला सरासरी ५८ हजार. त्यातली निम्मी पावसाळ्याच्या चार महिन्यांत. बहुतेक खेड्यातली, शेतात राबणारी, आणि खूप जण घरीच गेले, दवाखान्यापर्यंत पोचलेच नाहीत. ग्रुपवर काही टाकायचंच असेल तर हे टाक ना! अंधारात बॅटरी घेऊन चाला. जमिनीवर झोपायचं तर मच्छरदाणी खोचून झोपा. चावलाच तर भगताकडे जाऊ नका, ब्लेडने चिरा मारू नका, दोरी आवळू नका, थेट दवाखाना गाठा. ही चार वाक्यं लोकांचा जीव वाचवतील. तुझी ती अळी कोणाचा जीव वाचवणार?"

ह्या मुद्द्यावर तो बरोबर आहे असं मला तेव्हाही वाटलं, आजही वाटतं. नाग, मण्यार, घोणस, फुरसं ह्या चौघांच्या दंशावर आपल्याकडे औषध आहे, आणि तरी माणसं मरतात ती वेळेपायी, अंतरापायी, चुकीच्या माणसाकडे आधी गेल्यापायी. ह्यापुढे दूर देशातली एक अळी काय?

आत्याने मोदकपात्राचं झाकण उघडलं, वाफ तोंडावर घेतली आणि परत लावलं.

"ती चार वाक्यं टाकच. मी पण टाकते. पण 'एक' म्हणालास ते मला पटत नाही. ती पहिली सापडलेली आहे. पहिली झालेली आहे की नाही, कोण सांगणार? तिच्या मेंदूत चिमटा गेला म्हणून कळलं."

"म्हणजे अजून असतील असं तुझं म्हणणं?"

"ह्या अळीचं मी सांगू शकत नाही. दुसऱ्या एका किड्याचं सांगते. सापांच्या फुप्फुसात राहतो. इंग्रजीत त्याला जीभकिडा म्हणतात, कारण काही जाती जिभेसारख्या दिसतात. आर्मिलिफर हा त्यातलाच. किडा म्हणतात, पण गोत कोणाचं माहीत आहे? चिंबोरी आणि कोळंबीचं."

"काय सांगतेस!"

"खरंच. शास्त्रज्ञ बरीच वर्षं घोळात होते, आता त्यांची जनुकं तपासून नक्की झालंय. सापाच्या फुप्फुसात हा रक्त पितो आणि अंडी घालतो. ती थुंकीवाटे, विष्ठेवाटे बाहेर येतात. आफ्रिकेत, काँगोपासून नायजेरियापर्यंत, सापाचं मांस खाणाऱ्या, साप सोलणाऱ्या लोकांत हा सापडतो. चीनमध्ये सापाचं ताजं रक्त दारूत घालून पिणाऱ्यांमध्ये सापडला. बहुतेकांना काहीच होत नाही. पिल्लं पोटात जाऊन गुंडाळून बसतात, मरतात, त्यांचा चुना होतो. पुढे कधीतरी दुसऱ्याच कारणाने एक्स-रे काढला की पोटात घोड्याच्या नालेसारख्या पांढऱ्या खुणा दिसतात, एकेकाच्या पोटात डझनाने. एखाद्याच्या डोळ्यात गेला तर मात्र डोळा जातो."

"आफ्रिका, चीन. इथलं सांग."

"मलेशियाचं सांगते, ते जरा जवळ. तिथल्या रानात राहणाऱ्या आदिवासींचं शवविच्छेदन करताना डॉक्टरांना हे किडे दिसायला लागले. १९६९ मध्ये त्यांनी लिहिलं. तपासलेल्या तीसेक माणसांपैकी जवळपास निम्म्यांत होते. तोवर हा रोग दुर्मीळच म्हणत होते." तिने टाकळ्याच्या ढिगातलं एक पान उचलून उलटं केलं. "जन्मभर खेड्यापाड्यांत फिरले मी. दुर्मीळ हा शब्द कागदावर आला की मी आधी विचारते, शोधलं कोणी? आपल्या ठाकुरवाडीतल्या, कातकरवाडीतल्या माणसाच्या पोटाचा एक्स-रे कोण काढतंय? पोट दुखतं म्हणून तो आला तर जंताची गोळी देऊन घरी."

दादाचा आवाज खाली आला, पण माघार घेतलेली नव्हती. "आत्या, तू जे बोलतेस ते सगळं खरं असेल. पण तू बोलतेस आपल्या ओट्यावर. ग्रुपवर गेलं की त्यातला एकच शब्द उरतो. साप. त्या शब्दाला लोकांकडे एकच उत्तर आहे, काठी. १९७२ पासून कायदा आहे, साप मारणं गुन्हा आहे, कुणाला पडलीय? परवाच्या धामणीच्या पोटात काय होतं सांगू? उंदीर. दोन. पुरताना दिसले, फाटली होती ती. दोन दिवसांत तिने दोन उंदीर कमी केले. आता पुढचे उंदीर कोण खाणार? पाऊस पडतोय, जिन्याखाली पाणी साचलंय, पोरं त्यात चालतायत. लेप्टो सापाने होतो की उंदराने?"

"उंदराने."

"आणि त्या ऑस्ट्रेलियाच्या अळीची वाट कुठून जाते, तूच म्हणालीस, उंदरातून. म्हणजे धामण मारून कमी काय झालं? वाढलंच."

आत्याने मान हलवली. पटल्यावर ती अशीच हलवते, बोलून दाखवत नाही. मग म्हणाली, "मेंदूत अळी म्हटल्यावर लोक दचकतात, ह्याचंच मला नवल वाटतं. आपल्या देशात मेंदूत अळी असलेली माणसं ढिगाने आहेत. साप कुठेच नाही त्यात. डुकराच्या पट्टकृमीची अंडी माणसाच्याच विष्ठेतून येतात, घाण पाण्याने भाजीवर बसतात. कोथिंबीर, मुळा, कोबी, कच्चं खाल्लं की पोटात, तिथून मेंदूत. मग फिट येते. डुकराचं मांस जन्मात न खाल्लेल्याला, माळ घातलेल्या वारकऱ्यालासुद्धा होतं. आपल्याकडच्या मिरगीच्या मोठ्या कारणांपैकी ते एक. त्या पोरांना लोक भगताकडे नेतात, लग्नं मोडतात. तिथे कोणाला ठेचणार? माणसालाच ठेचावं लागेल."

"मग तू तेच लिही ना! साप कशाला आणतेस?"

"कारण तू साप धरतोस!" तिचा आवाज चढला. "ग्रुपवाल्यांना जाऊ दे. मी तुझ्याबद्दल बोलतेय. त्या बाईने अजगराला हात लावला नव्हता तरी तिला झालं. तू रोज हाताने धरतोस, हातमोजे न घालता. धामण तुझ्या मनगटावर घाण करते, तू पार्किंगच्या नळावर पाणी मारतोस, आणि टपरीवर उभा राहून त्याच हाताने वडापाव खातोस. नागाच्या दाताची भीती तुला शिकवावी लागली नाही. शेपटीकडच्या टोकाची भीती कोणीच शिकवली नाही."

थोडा वेळ कुणी बोललं नाही. बाहेर सर आली होती, प्रबळगडाकडचं आभाळ खाली उतरलेलं. मोदकपात्रातलं पाणी खदखदत होतं.

मग आत्या एकदम नारूवर गेली. मला ती गोष्ट माहीत होती, दादाने पूर्ण कधी ऐकली नव्हती.

नोकरीच्या पहिल्या वर्षांत, १९८३ नंतर, नारू निर्मूलनाचं काम सुरू झालं तेव्हा ती देशावरच्या गावांत पायऱ्यांच्या विहिरी बघत फिरायची. बाई पायऱ्या उतरून पाण्यात घोट्यापर्यंत उभी राहते, घागर भरते. तिच्या पायाला फोड आलेला असतो. पाणी लागलं की फोड फुटतो, नारूची मादी तिथून हजारो पिल्लं पाण्यात सोडते. पाण्यात सायक्लॉप्स नावाचा, डोळ्याला जेमतेम ठिपक्याएवढा दिसणारा जीव असतो. तो ती पिल्लं गिळतो. तेच पाणी गाव पितं. वर्षभराने दुसऱ्या कोणाच्या तरी पायातून हातभर लांब दोरा बाहेर येतो. तो ओढून काढता येत नाही, तुटला तर पाय सडतो. काडीला गुंडाळून रोज थोडा थोडा काढायचा, दिवसेंदिवस. पेरणीच्या दिवसांत अख्खी घरं आडवी पडायची.

"औषध नव्हतं," आत्या म्हणाली. "लसही नव्हती. आम्ही काय दिलं लोकांना? फडकं. पाणी दुहेरी फडक्यातून गाळून घ्या, म्हणजे तो ठिपका वर राहील. पायऱ्या बुजवल्या, विहिरींना रहाट लावले, पाण्यात त्या ठिपक्यावरचं औषध टाकलं. पायऱ्या बुजवताना म्हातारी माणसं रडली, देवीची विहीर म्हणून. तरी केलं. १९९६ मध्ये देशातला शेवटचा रोगी राजस्थानात सापडला, आणि २००० साली भारत नारूमुक्त म्हणून जाहीर झाला. आज तू नारू बघितलेला डॉक्टर शोधून दाखव. तो ठिपका सोडला तर एक प्राणी मारला नाही आम्ही त्यासाठी, दादा. फक्त वाट अडवली."

"आणि सापाचा ह्याच्याशी संबंध काय?"

"आहे. तोच सायक्लॉप्स. स्पायरोमेट्रा म्हणून एक पट्टकृमी आहे, मांजर-कुत्र्याच्या आतड्यात राहणारा. त्याचं पिल्लू आधी सायक्लॉप्समध्ये, मग बेडकात, मग बेडूक खाणाऱ्या सापात. तुझ्या त्या दिवडासारख्या. माणसाने न गाळलेलं पाणी प्यायलं किंवा बेडूक-साप कच्चा खाल्ला की ते पिल्लू माणसाच्या कातडीखाली, डोळ्यात, कधी मेंदूत फिरत राहतं. पॅट्रिक मॅन्सनने १८८२ साली चीनमध्ये अमॉयला एका शवविच्छेदनात पहिल्यांदा पाहिलं. काही ठिकाणी तर डोळा आला म्हणून बेडकाचं ताजं मांस डोळ्यावर बांधायचे, आणि पिल्लू थेट डोळ्यात शिरायचं. प्रत्येक ठिकाणी बघ तू. चावा कुठेच नाही. पाणी, पाला, कच्चं मांस आणि हात."

दादा उठला, दारापाशी गेला आणि पावसाकडे बघत उभा राहिला. माझ्या मते त्याच्या मनात जे होतं ते त्याला नीट मांडता येत नव्हतं, आणि जेव्हा मांडलं तेव्हा ते आत्याच्या बाजूचं निघालं.

"तुम्ही दोघी बोलताय जसं काही ह्या अळ्या सापाचं हत्यार आहेत," तो म्हणाला. "आजारी तर साप असतो. माझ्याकडे आलेले कित्येक साप अशक्त, तोंडाला फेस, धाप लागलेली. अमेरिकेत फ्लोरिडाला काय झालं माहीत आहे? लोकांनी हौसेने पाळलेले आशियातले अजगर तिथल्या दलदलीत सुटले, वाढले. त्यांच्याबरोबर त्यांच्या फुप्फुसातला जीभकिडा गेला, रॅलिएटिएला ओरिएन्टालिस. आपल्याकडच्या सापांना तो युगानुयुगे ठाऊक आहे, तिथल्या सापांना नव्हता. तिथल्या सापांमध्ये पसरला, फुप्फुसं भरून गेली, मरायला लागले. इवलेसे तिथले रॅटलस्नेक, श्वास कोंडून. माणसाने एका ठिकाणचा साप दुसऱ्या ठिकाणी नेला म्हणून. त्याच्यामुळे तर मी पकडलेला साप लांब नेत नाही. जिथला तिथेच, जवळपास सोडतो. लोक ओरडतात, माथेरानच्या जंगलात सोडून या म्हणून. मी नाही नेत."

"हे चांगलं करतोस," आत्या म्हणाली. तिने दाराच्या कडीकडे पाहिलं. "ती पिशवी कधी धुतोस?"

दादा वळला.

"आज त्यात धामण होती. काल?"

"काल दिवड. देवदच्या नाल्यातला."

"परवा?"

"नागाचं पिल्लू."

"त्याच पिशवीत?"

तो कडीपाशी गेला, पिशवी काढली आणि तिचं तोंड उलगडून आत बघितलं. मीही बघितलं. शिवणीत वाळलेला चिकटा, एक-दोन खवले, कोपऱ्यात ओला काळपट डाग. आत्याने नाक लावायची गरज नव्हती, वास स्वयंपाकघरापर्यंत आला. इतका वेळ आपल्या हाताबद्दल वाद घालणारा दादा आता काहीच बोलत नव्हता. आजारी दिवडाच्या थुंकीत बसलेली धामण, तिच्या विष्ठेत बसणारं पुढचं पिल्लू. फ्लोरिडा त्याच्या हातात होतं, एका मांजरपाटात शिवलेलं.

"नुसत्या साबणाने होईल?" शेवटी त्याने विचारलं. तो जो प्रश्न सकाळपासून टाळत होता, तो सापांसाठी लगेच विचारला.

"हाताचं होईल. चोळून, नखांखालून, वाहत्या पाण्यात. साबण अंडं मारत नाही, सुटं करून वाहून नेतो, तेवढं पुरतं. मिठाच्या पाण्याने भाजी शुद्ध होते हाही समज आहे, मीठ ह्या अंड्यांचं काही वाकडं करत नाही. ती चिवट असतात. पाला चार पाण्यांतून धुवायचा, पानाची मागची बाजू बोटाने पुसायची, आणि शिजवायचा. शिजल्यावर काही उरत नाही. आपण टाकळा काय, कुर्डू काय, शेवळं काय, शिजवल्याशिवाय खातो कुठे? धोका निवडताना आहे, आणि कच्च्या कोथिंबिरीत आहे." ती माझ्याकडे वळली. "तूही उठ. त्या हातांनी वाटीला हात लावू नकोस." मग परत त्याला : "पिशवीला उष्णता हवी. उकळती. मग कडक ऊन."

"श्रावणात ऊन कुठून आणू?"

"म्हणून उकळायची जास्त वेळ."

तिने माळ्यावरचं जुनं, बूड काळं पडलेलं पातेलं खाली काढायला लावलं, जे स्वयंपाकात कधी येणार नव्हतं. मागच्या पडवीतल्या चुलीवर ते ठेवलं, पाणी ओतलं. दादाने पिशवी उलटी करून आत सोडली आणि काडीने खाली दाबली. पाणी आधी करडं झालं, मग तपकिरी.

मेसेजवरून मात्र शेवटपर्यंत जुळलं नाही. आत्याने फोनवर लिहायला घेतलं : पावसाळ्यात रानभाजी आणि पालेभाजी भरपूर पाण्यात धुवा, शिजवूनच खा, अंगण, माती, नाल्याकडे काम केल्यावर साबणाने हात धुवा, उंदीर, साप, कुत्री-मांजरं ह्यांच्या विष्ठेतून जंतांची अंडी पसरतात.

"साप काढ," दादा म्हणाला.

"का काढू? खोटं आहे का?"

"खरं आहे. पण काढ. उंदीर आहे ना, कुत्रं आहे ना, पुरे झालं."

"उद्या एखादी बाई धामणीने घाण केलेल्या अंगणातला पाला खुडेल आणि तिला माहीत नसेल. त्याचं काय?"

"उद्या एखादी धामण त्याच अंगणात मरेल. त्याचं काय?"

ती 'साप' खोडायची, परत लिहायची. एकदा तिने 'घराजवळच्या सगळ्या प्राण्यांच्या' असं लिहून पाहिलं, आणि तिलाच ते आवडलं नाही, कारण असं लिहिलं की कोणीच कोणाबद्दल समजत नाही. दादाने त्याखाली जोडायला सांगितलं : साप दिसला तर मारू नका, लांब राहा, फोन करा. त्याचा नंबर. ते तिने लगेच घातलं. वरचा शब्द तसाच अडून राहिला, मेसेज न पाठवलेला, फोन लाह्यांच्या वाटीशेजारी पालथा.

मी तिच्या बाजूची, असं मला त्या दिवशी वाटलं होतं. लोकांना अर्धवट सांगितलं की उरलेलं अर्धं ते स्वतः भरतात, आणि भरलेलं नेहमी वाईट असतं. पण तेवढ्यात मला ती सहा फुटी धामण आठवते, भिंतीशी पडलेली, आणि तिच्या पोटातले दोन उंदीर. मग मी तो शब्द लिहू शकत नाही.

दादाने दोन दिंडं खाल्ली, साजूक तुपात बुडवून, हात पुन्हा धुऊन. तिसऱ्याला हात घालणार तोच फोन वाजला. आकुर्लीच्या रस्त्यावर, किराणा दुकानाच्या शटरमागे, बहुतेक घोणस. शिट्टीसारखा मोठा फूत्कार टाकतेय म्हणत होते. तो उठला, काठी घेतली, आणि दारापाशी थबकला. पिशवी पातेल्यात उकळत होती.

आत्या आतल्या खोलीत गेली. कपाटातून जाड कापडाचा जुना उशीचा अभ्रा काढला, शिवण ओढून बघितली, तोंडाशी बांधायला नाडी ओवली. त्यावर साबणाची अर्धी वडी प्लॅस्टिकच्या डबीत घालून ठेवली.

"घोणशीला हाताने धरायचं नाही."

"हाताने नाही धरत गं घोणशीला. काठीने पिशवीत."

"आणि आल्यावर हा पण त्या पातेल्यात. दोन-तीन शिवून देते तुला, आलटून पालटून वापर."

तो पावसात गेला. आत्या पडवीत चुलीशी बसली, आणि पिशवी वर तरंगायला लागली की काडीने खाली दाबत राहिली.